आठ महिन्यांचा बँड

२८ जुलै १९८५ रोजी अमेरिकेच्या राजधानीत, वॉशिंग्टनमधल्या ‘फूड फॉर थॉट’ नावाच्या शाकाहारी हॉटेलात एका नव्या बँडचा पहिला कार्यक्रम झाला. बँडचं नाव ‘एम्ब्रेस’. पुढच्या वर्षीच्या मार्चमध्ये त्याच शहरातल्या ‘९:३० क्लब’मध्ये तो शेवटचा वाजला. मधे गेले जेमतेम आठ महिने. आपल्याकडे एकांकिका स्पर्धेसाठी जमलेला कॉलेजचा संचसुद्धा याहून जास्त टिकतो.

तरी या आठ महिन्यांची नोंद राहिली. चौदा गाण्यांचा त्यांचा एकुलता एक अल्बम आजही मिळतो. वॉशिंग्टनच्या पंक संगीताचा इतिहास सांगणारं पुस्तक २००१ साली निघालं, त्याला ‘डान्स ऑफ डेज’ हे नाव याच अल्बममधल्या एका गाण्यावरून दिलं गेलं. याउलट १९७०च्या दशकात मुंबईत एम्ब्रेसपेक्षा कितीतरी जास्त वर्षं वाजलेले, कॉलेजांची मैदानं भरवणारे बँड होते. त्यातल्या बहुतेकांचं आज फक्त नाव उरलं आहे, तेही त्या काळच्या श्रोत्यांच्या बोलण्यात. हा फरक वादकांच्या कुवतीचा नव्हता. तो कशाचा होता, हे वालीवच्या गाळ्यांच्या आणि वसई-विरारच्या चाळी-सोसायट्यांच्या गर्दीत वाढणाऱ्या, गिटार गळ्यात अडकवणाऱ्या मुलामुलींना कळलं तर त्यांच्या फार उपयोगाचं आहे. त्यासाठी आधी एम्ब्रेसचा गायक कोण होता ते पाहू.

सहाशे डॉलरचं भांडवल

इयन मकाय याचा जन्म १९६२चा. तो शाळेत होता तेव्हा लंडन आणि न्यूयॉर्कमध्ये पंक नावाचं वादळ उठलं होतं. सत्तरच्या दशकातलं रॉक तोवर फार अवजड झालं होतं. वीस-वीस मिनिटांच्या रचना, ट्रक भरून सामान, स्टेडियमभर श्रोते, आणि हे सगळं पेलणाऱ्या मोठ्या कंपन्या. पंकवाल्यांनी हा डोलारा झुगारून दिला. तीन कॉर्ड येत असतील तर गाणं होतं. गळा गोड नसला तरी चालतो, सांगण्यासारखं काही हवं. गाणं दोन मिनिटांत संपलं तर उत्तमच.

वॉशिंग्टनच्या पोरांनी हे आणखी वेगवान, आणखी कडक केलं. त्यालाच पुढे हार्डकोर म्हणू लागले. मकायचा पहिला नाव घेण्याजोगा बँड ‘टीन आयडल्स’. तो १९७९ ते १९८० इतकाच चालला. कार्यक्रमांतून मिळालेले पैसे पोरांनी वाटून घेतले नव्हते, ते एका डब्यात साठत गेले होते. बँड मोडला तेव्हा डब्यात सुमारे सहाशे डॉलर होते. आता दोनच वाटा होत्या. एक तर चौघांनी वाटणी करून घ्यायची, नाही तर त्यातून एक तबकडी काढायची. त्यांनी तबकडी काढली. बँड संपल्यावर, डिसेंबर १९८० मध्ये ती बाहेर आली, एक हजार प्रती. ती काढण्यासाठी मकाय, ड्रमर जेफ नेल्सन आणि त्यांचा मित्र नेथन स्ट्रेचेक यांनी ‘डिस्कॉर्ड’ हे लेबल सुरू केलं. कव्हर छापून घेतलं, पण कापणं, दुमडणं, गोंद लावणं ही सगळी कामं पोरांनी घरी बसून केली.

लेबल म्हणजे तबकडी काढणारी, तिचा खर्च उचलणारी आणि हिशेब ठेवणारी संस्था. आपल्याकडे एचएमव्ही म्हटलं की जे डोळ्यांसमोर येतं, त्याचंच हे अगदी छोटं रूप. या गोष्टीतली कळीची बाब इथेच आहे. डिस्कॉर्डचा जन्म एका मेलेल्या बँडचं ध्वनिमुद्रण जपण्यासाठी झाला.

मग आला ‘मायनर थ्रेट’. मकाय गायक, नेल्सन ड्रमवर, लायल प्रेस्लर गिटारवर आणि ब्रायन बेकर बेसवर. १९८१ सालच्या त्यांच्या पहिल्या तबकडीवर आठ गाणी आहेत आणि आठही मिळून दहा मिनिटांच्या आत संपतात. त्यातलं ‘स्ट्रेट एज’ हे गाणं एका मिनिटाचंही नाही. दारू, सिगरेट, ड्रग्ज यांपासून लांब राहण्याची ती एका पोराची वैयक्तिक भूमिका होती. पण तिची जगभर चळवळ झाली. तळहाताच्या मागे काळ्या शाईने फुलीची खूण काढणारे तरुण पुढे युरोपपासून दक्षिण अमेरिकेपर्यंत दिसू लागले. ती फुली मुळात क्लबवाल्यांची होती. अल्पवयीन पोरांना दारू दिली जाऊ नये म्हणून दाराशीच त्यांच्या हातावर ती काढली जायची.

गायक आपल्याच श्रोत्यांना कंटाळतो तेव्हा

१९८३ मध्ये मायनर थ्रेट फुटला. पुढे कोणत्या दिशेला जायचं यावर एकमत होईना, हे एक कारण. दुसरं कारण बँडच्या बाहेर होतं. कार्यक्रमांत मारामाऱ्या वाढल्या होत्या. स्टेजपुढे एकमेकांना धडका देत नाचायची पद्धत पूर्वी जोशाची होती, आता तिला गुंडगिरीचं वळण लागलं. डोकी भादरलेल्या टोळक्यांनी कार्यक्रम ताब्यात घेतले. मुली मागे सरकल्या, जुनी मंडळी येईनाशी झाली. ज्या गायकाने आयुष्याची शिस्त गायली, त्याच्याच गाण्यांवर नाकं फुटू लागली.

पंक गायकाची ही अडचण मजेशीर असते. शास्त्रीय गायकाला वय आणि समज वाढली की राग अधिक खोलात जाऊन मांडता येतो, कारण त्याच्या संगीताच्या प्रकारातच वाढीला जागा आहे. हार्डकोरची चौकट मात्र सतरा वर्षांच्या मुलाच्या रागावर बेतलेली. बाविसाव्या वर्षी त्याच गायकाला स्वतःविषयी शंका वाटू लागली, हळवेपण बोलावंसं वाटलं, लय थोडी सैल करावीशी वाटली, की चौकट मोडावी लागते. आणि ती मोडली की श्रोते जुनी गाणी मागतात.

वॉशिंग्टनमध्ये हे अनेकांना एकाच वेळी जाणवलं. डिस्कॉर्डशी जोडलेल्या एमी पिकरिंगने मित्रमंडळींना निनावी चिठ्ठ्या पाठवून पुन्हा काही उभं करण्याची साद घातली. १९८५चा उन्हाळा त्यांनी ठरवून ‘रेव्होल्यूशन समर’ म्हणून साजरा केला. नवे बँड पुढे आले. ‘राइट्स ऑफ स्प्रिंग’, ‘बीफइटर’, ‘ग्रे मॅटर’ आणि ‘एम्ब्रेस’. दक्षिण आफ्रिकेच्या वर्णद्वेषी राजवटीविरुद्ध त्या देशाच्या वकिलातीसमोर ड्रम, बादल्या, पत्रे बडवून निदर्शनं झाली. राग तोच राहिला, पण शेजारच्या श्रोत्याला कोपर मारण्याऐवजी तो योग्य दाराशी नेला गेला.

एम्ब्रेसमधले बाकीचे तिघे, गिटारवर मायकेल हॅम्प्टन, बेसवर ख्रिस बाल्ड आणि ड्रमवर आयव्हर हॅन्सन, हे मोडलेल्या ‘द फेथ’ या बँडमधून आलेले. त्या बँडचा गायक होता ॲलेक मकाय, इयनचा धाकटा भाऊ. म्हणजे धाकट्याच्या बँडमधले वादक आणि थोरला भाऊ गायक, अशी ही जुळणी. हॅन्सनचे वडील नौदलात मोठे अधिकारी होते. हॅम्प्टन आणि हॅन्सन त्याआधी ‘एसओए’ नावाच्या बँडमध्ये होते, तेव्हा तालमी थेट नौदलाच्या वेधशाळेच्या आवारातल्या हॅन्सनच्या घरी व्हायच्या. फाटकावर सरकारी पहारा. त्यातून गिटारी घेऊन पोरं आत जायची.

एम्ब्रेसचा वेग मायनर थ्रेटपेक्षा कमी आहे. गिटारला सूर धरायला जागा मिळते, गायकाच्या आवाजात ओरडणं आहे पण त्याचा रोख बाहेरच्यापेक्षा स्वतःकडे जास्त आहे. आपण जे बोललो तसं वागलो का, आपला राग खरा की सवयीचा, असे प्रश्न. एम्ब्रेस आणि राइट्स ऑफ स्प्रिंगच्या संगीताला पत्रकारांनी ‘इमो’ असं लेबल चिकटवलं. मकायला ते मुळीच आवडलं नाही, त्याने ते स्टेजवरून बोलूनही दाखवलं. पण चिकटलं ते चिकटलंच, आणि वीस वर्षांनी त्याच नावाखाली जगभर वेगळ्याच संगीताचा बाजार उभा राहिला.

बँड का मोडतात

एम्ब्रेस मोडला तो कुठल्याही मोठ्या घटनेमुळे नाही. चौघांचं जमेना. बाहेरच्याला हे किरकोळ वाटतं, पण बँडची रचना पाहिली तर आठ महिने टिकणं हीच मोठी गोष्ट वाटू लागते. भजनी मंडळात एक टाळकरी गैरहजर राहिला तर भजन थांबत नाही. रॉक बँडमध्ये चारच माणसं, आणि प्रत्येकाचं काम दुसरा करू शकत नाही. ड्रमर आला नाही तर तालीम रद्द. कोणी एक जण परगावी कॉलेजला गेला, कोणाला नोकरी लागली, कोणाचं प्रेमप्रकरण तुटलं, तरी चौघांचं चाक अडतं. शिवाय पैसा नाही, असलाच तर तो भांडायला पुरेसा. नव्या बँडला तर आणखी एक ओझं. जुन्या नावाचा दबदबा. मकाय आहे म्हणून लोक येतात, आणि मकाय आहे म्हणूनच दुसरं काहीतरी अपेक्षून येतात.

म्हणून जुना पंक गायक आणि नवा बँड ही जोडी वारंवार दिसते, पण तिचं आयुष्य फार वेगवेगळं निघतं. ‘सेक्स पिस्टल्स’चा गायक जॉन लायडन जानेवारी १९७८ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या शेवटच्या कार्यक्रमानंतर बाहेर पडला आणि त्याच वर्षी त्याने ‘पब्लिक इमेज लिमिटेड’ उभा केला. माणसं बदलत राहिली, पण बँड दशकानुदशकं चालला. मँचेस्टरच्या ‘बझकॉक्स’चा गायक हॉवर्ड डिव्होटो एकच तबकडी करून १९७७च्या सुरुवातीला बाहेर पडला. त्याचा ‘मॅगझिन’ हा पुढचा बँड १९८१ पर्यंत चालला. पण त्याची बझकॉक्सबरोबरची ती एकुलती तबकडी, ‘स्पायरल स्क्रॅच’, पोरांनी पाचशे पौंड उसने घेऊन स्वतःच काढली होती. पहिली आवृत्ती हजार प्रतींची होती, पुढे हजारोंनी खपली आणि कंपनीच्या दारात न जाता तबकडी काढता येते हे इंग्लंडभरच्या पोरांना दिसलं. खुद्द मकायने एम्ब्रेसनंतर त्याच वर्षी लंडनला गेला असताना जेफ नेल्सनसोबत ‘एग हंट’ नावाखाली दोन गाणी ध्वनिमुद्रित केली. तो बँड तेवढ्यापुरताच. ती दोन गाणीही आज ऐकता येतात.

नदीपलीकडचं तळघर

आता मूळ मुद्द्याकडे. एम्ब्रेस मार्च १९८६ मध्ये संपला, अल्बम निघाला १९८७ मध्ये. मोडलेल्या बँडचा अल्बम कोण काढतं? मोठी कंपनी तर मुळीच नाही, कारण दौरा करून तो विकायला बँडच नसतो. पण डिस्कॉर्डचा आरंभच अशा तबकडीने झाला होता. एम्ब्रेसच्या हयातीतच, १९८५च्या अखेरीस आणि १९८६च्या सुरुवातीला, गाणी ध्वनिमुद्रित करून ठेवलेली होती.

ती झाली ‘इनर इअर’ स्टुडिओत. हा स्टुडिओ डॉन झिएंटारा नावाच्या ध्वनिमुद्रकाच्या घराच्या तळघरात होता, पोटोमॅक नदीच्या पलीकडे आर्लिंग्टनमध्ये. डिस्कॉर्डचं घरही आर्लिंग्टनमध्येच होतं. १९८१ मध्ये मकाय आणि मित्रांनी ते भाड्याने घेतलं. वर राहायचं, खाली तालीम करायची, तबकड्यांची खोकी बांधायची आणि पत्रांना उत्तरं द्यायची. शहरात हे परवडणारं नव्हतं, नदीपलीकडे परवडत होतं. ज्याने भाईंदरनंतर लोकलच्या खिडकीतून खाडी ओलांडली आहे, त्याला हे गणित वेगळं समजावून सांगायला नको.

एम्ब्रेसनंतर मकायने ‘फुगाझी’ उभा केला. त्यात राइट्स ऑफ स्प्रिंगचे गाय पिचोटो आणि ब्रेंडन कँटी आले, बेसवर जो लॅली. १९८७च्या सप्टेंबरमध्ये पहिला कार्यक्रम, २००२च्या नोव्हेंबरमध्ये लंडनला शेवटचा. सहा स्टुडिओ अल्बम, हजाराहून अधिक कार्यक्रम आणि तिकीट शक्यतो पाच डॉलर. एम्ब्रेसमध्ये मकायने जो सैल, स्वतःला प्रश्न विचारणारा आवाज शोधला, तोच इथे पूर्ण वाढला. आणखी एक सवय टिकली. फुगाझीच्या ध्वनिसंयोजकांनी आठशेहून जास्त कार्यक्रम ध्वनिमुद्रित करून ठेवले होते. २०११ पासून ते एकेक करून इंटरनेटवर ठेवले गेले, गावाचं नाव आणि तारखेसकट. टीन आयडल्सच्या डब्यापासून हीच रीत चालत आली. बँड जगला काय, मोडला काय, वाजलेलं लिहून आणि जपून ठेवायचं.

मुंबईने काय जपलं

याच्याशेजारी मुंबईचा रॉक ठेवून पाहा. साठच्या दशकाच्या अखेरीपासून मुंबईत इंग्रजी रॉक वाजवणारे बँड भरपूर होते. इंपीरियल टोबॅकोने आपल्या ‘सिमला’ सिगरेटच्या जाहिरातीसाठी ‘सिमला बीट’ ही स्पर्धा भरवली, देशभरचे बँड त्यासाठी मुंबईला आले. त्या स्पर्धेच्या १९७० आणि १९७१च्या तबकड्या निघाल्या म्हणून त्यातले कित्येक बँड आज माहीत आहेत. म्हणजे सिगरेट कंपनीने जपलं तेवढं उरलं. ‘ॲटॉमिक फॉरेस्ट’ हा त्या काळातला गाजलेला बँड. त्यांचा ‘ऑब्सेशन ७७’ हा अल्बम १९८१ मध्ये, बँड पांगल्यावर बाहेर आला, आणि २०११ मध्ये एका अमेरिकन लेबलने तो पुन्हा काढला तेव्हा कुठे नव्या पिढीला ऐकायला मिळाला.

याच वर्तुळातला मराठी घरातला गायक म्हणजे नंदू भेंडे. वडील आत्माराम भेंडे, ‘झोपी गेलेला जागा झाला’सारखे फार्स रंगवणारे नट-दिग्दर्शक. आई आशा भेंडे, पूर्वाश्रमीच्या लिली इझिकेल, कवी निसिम इझिकेल यांची बहीण. घरात मराठी रंगभूमी आणि इंग्रजी कविता दोन्ही. नंदू ‘व्हेल्व्हेट फॉग’, ‘सॅव्हेज एन्काउंटर’ अशा बँडमधून गायले. १९७४ मध्ये ॲलेक पदमसी यांनी मुंबईत ‘जीझस ख्राइस्ट सुपरस्टार’ हा रॉक ऑपेरा केला, त्यात नंदू भेंडे जुडास होते आणि ॲटॉमिक फॉरेस्टचे मधुकर चंद्र धस येशू. १९८२च्या ‘डिस्को डान्सर’मध्येही त्यांचा आवाज आहे. २०१४ मध्ये त्यांचं निधन झालं.

नंदू भेंडे पंक नव्हते, पण मकायसमोर जो प्रश्न होता तोच त्यांच्यासमोर वेगळ्या रूपात आला. इंग्रजी रॉक गाणाऱ्या मराठी मुलाने पुढे जायचं कुठे? उत्तर मराठी नाटकाने दिलं. १९७८ मध्ये पुण्याच्या थिएटर ॲकॅडमीने जब्बार पटेल यांच्या दिग्दर्शनाखाली ‘तीन पैशाचा तमाशा’ रंगमंचावर आणला. ब्रेख्तच्या ‘थ्रीपेनी ऑपेरा’चं पु. ल. देशपांडे यांनी केलेलं हे रूपांतर. संगीत भास्कर चंदावरकर, आनंद मोडक आणि नंदू भेंडे यांचं. लावणी, नाट्यसंगीत, सिनेमाची चाल आणि रॉक एकाच प्रयोगात. आणि त्यातला गुंड अंकुश रंगवला नंदू भेंडे यांनीच. ब्रेख्तच्या मूळ नाटकात कुर्ट वाइलचं संगीत लंडनच्या गल्लीतल्या चोर-भिकाऱ्यांना प्रतिष्ठितांच्या शेजारी उभं करतं. मराठीत ते काम तमाशाच्या ढोलकीने आणि रॉकच्या गिटारने मिळून केलं.

थिएटर ॲकॅडमीचा जन्मही फुटीतून झालेला. ‘घाशीराम कोतवाल’चे प्रयोग पुण्याच्या प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशनने १९७२च्या डिसेंबरमध्ये सुरू केले आणि वादामुळे थोड्याच प्रयोगांनंतर थांबवले. तेव्हा ती तरुण मंडळी बाहेर पडली आणि १९७३ मध्ये त्यांनी नवी संस्था काढली. मोडणं आणि नव्याने मांडणं हे कलेच्या संस्थांना नवं नाही. पण नाटकाजवळ एक गोष्ट असते जी मुंबईच्या रॉक बँडजवळ नव्हती. छापील संहिता असते, समीक्षा असते, जुने प्रयोग लक्षात ठेवणारा प्रेक्षक असतो. बँडजवळ फक्त ध्वनिमुद्रण असतं, आणि ते त्या काळात एक-दोन मोठ्या कंपन्यांच्या हातात होतं. बँडला स्वतःची तबकडी काढणं आवाक्याबाहेरचं होतं. म्हणून मुंबईचा रॉक बराचसा वाजून विरला.

वालीवचं गणित

आता वालीव. वसई रोड स्टेशनच्या पूर्वेला, अहमदाबाद महामार्गाच्या अलीकडे गोलाणी नाका, सातिवली, गोखिवरे असा हा कारखान्यांचा पट्टा. पश्चिमेला वसईच्या ख्रिस्ती वाड्या, जिथे लग्नाला आणि गावच्या सणाला ब्रास बँड वाजतो. म्हणजे नोटेशन वाचणारे, ट्रंपेट-सॅक्सोफोन हाताळणारे हात या भागात पूर्वीपासून आहेत. पूर्वेला वालीवसारख्या भागात कामासाठी देशभरातून आलेली कुटुंबं आणि त्यांची इथेच वाढणारी मुलं. बँडसाठी माणसं हवीत, ती या दोन्ही बाजूंना आहेत.

जागेचा प्रश्न डेसिबलचा आहे. २०००च्या ध्वनिप्रदूषण नियमांनुसार निवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा आहे, व्यापारी भागात ६५ आणि ५५, औद्योगिक भागात ७५ आणि ७०. रात्र म्हणजे दहा ते सहा. ड्रमसेटचा आवाज जवळून शंभर डेसिबलच्या आसपास जातो. डेसिबलची मोजणी साधी बेरीज नसते. दर दहा डेसिबलला आवाजाची तीव्रता दहापट होते, म्हणजे निवासी आणि औद्योगिक भागांच्या दिवसाच्या मर्यादांमधला वीस डेसिबलचा फरक शंभरपट तीव्रतेचा आहे. सोसायटीच्या फ्लॅटमध्ये ड्रमर रोज सराव करू शकत नाही तो यामुळेच. आणि जिथे दिवसभर मोल्डिंग मशीन आणि प्रेस धडधडतात त्या गाळ्यांच्या पट्ट्यात, कामाचे तास संपल्यावर, भिंतींना गादीचा फोम आणि जाड पडदे लावून तालीम करणं तुलनेने शक्य असतं. अर्थात गाळ्याच्या मालकाची आणि सोसायटीची परवानगी घेऊनच. शहरातलं जुनं ठिकाण हातचं गेल्याचा अनुभव मुंबईला आहेच. धोबीतलावचं रंगभवन, जिथे जॅझ यात्रा झाली आणि रॉकचे मोठे कार्यक्रम झाले, ते शांतता क्षेत्रात येत असल्याने बंद पडलं. रुग्णालय, शाळा आणि न्यायालय यांच्याभोवतीचा किमान शंभर मीटरचा परिसर शांतता क्षेत्र म्हणून जाहीर करता येतो.

ध्वनिमुद्रणाचा प्रश्न मात्र १९७७ सारखा राहिलेला नाही. चार माइक, एक ऑडिओ इंटरफेस आणि लॅपटॉप एवढ्यावर आज इनर इअरच्या तळघरातल्यापेक्षा जास्त ट्रॅक मिळतात. गाणं जगभर पोहोचवायला कंपनीची परवानगी लागत नाही. पण याचाच दुसरा धोका आहे. फोन फुटला, हार्ड डिस्क बिघडली, पासवर्ड विसरला किंवा बँडमधल्या एकाने रागाने खातं बंद केलं, तर आठ महिन्यांचं काम एका मिनिटात जातं. सत्तरच्या दशकात ध्वनिमुद्रण झालंच नाही म्हणून गेलं. आज झालेलं ध्वनिमुद्रणही निष्काळजीपणाने जातं.

मोडायच्या आधी

म्हणून नव्या बँडने पहिल्या तालमीच्या आठवड्यातच काही गोष्टी ठरवाव्यात. पहिली म्हणजे पैशाचा डबा. टीन आयडल्सने मिळकत वाटून घेतली असती तर डिस्कॉर्ड निघालंच नसतं. प्रत्येक कार्यक्रमाच्या मानधनातला काही भाग बाजूला ठेवावा आणि तो फक्त ध्वनिमुद्रणावरच खर्च करावा.

दुसरी म्हणजे नोंद. प्रत्येक ध्वनिमुद्रणाच्या फाइलला तारीख, ठिकाण, वाजवणाऱ्यांची नावं आणि गाण्याचं नाव द्यावं. केवळ अंतिम मिक्स नको, प्रत्येक वाद्याचा वेगळा ट्रॅकही जपावा. वीस वर्षांनी ते नव्याने मिसळता येतात. एक प्रत बँडमधल्या एकाकडे, दुसरी दुसऱ्याकडे, तिसरी ऑनलाइन.

तिसरी म्हणजे मालकी. भारतीय कॉपीराइट कायद्यात ध्वनिमुद्रणाचा पहिला मालक असतो निर्माता, म्हणजे ते करवून घेण्याचा पुढाकार आणि जबाबदारी ज्याने घेतली तो. त्याचा हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. शब्द लिहिणाऱ्याचा आणि चाल बांधणाऱ्याचा हक्क वेगळा, आणि सादर करणाऱ्या कलाकाराला ५० वर्षांचा स्वतंत्र हक्क. २०१२च्या दुरुस्तीनंतर गीतकार आणि संगीतकार यांचा रॉयल्टीतला वाटा अधिक भक्कम झाला आहे. हक्क दुसऱ्याला द्यायचे तर कायद्याने ते लेखी लागतं. डिस्कॉर्डने आपल्या बँडशी कागदावर करार केले नाहीत, तिथे विश्वास आणि चोख हिशेब होता. पण ते सगळे एकाच गावचे, एकमेकांच्या घरात राहणारे मित्र होते. बाकीच्यांनी एका कागदावर चार ओळी लिहून चौघांनी सह्या कराव्यात. गाणं कोणाचं, ध्वनिमुद्रणाचा खर्च कोणाचा, आणि बँड मोडल्यावर नाव आणि फाइली कोणाकडे राहणार. लग्नाआधी घटस्फोटाचं बोलल्यासारखं वाटेल, पण बहुतेक बँड मोडतातच.

एम्ब्रेस लवकर मोडला म्हणून त्याला अपयशी म्हणण्यात अर्थ नाही. त्या आठ महिन्यांत मकायला कळलं की आपला आवाज कुठे जाऊ शकतो, आणि पुढची पंधरा वर्षं त्याने ते कामाला लावलं. वालीवच्या एखाद्या गाळ्यात, सातच्या सुमारास यंत्रं थांबल्यावर जमणारा चार जणांचा बँडही कदाचित वर्षभर टिकणार नाही. एकाला पुण्याला नोकरी लागेल, एकीचं लग्न ठरेल, दोघांचं भांडण होईल. तोवर त्यांनी आपली दहा-बारा गाणी नीट ध्वनिमुद्रित केली, नावं-तारखा लिहिल्या आणि हक्क कोणाकडे हे ठरवलं, तर मोडण्याचं दुःख तेवढ्यापुरतंच राहतं. पुढचा बँड, पुढचं नाटक, पुढची पिढी यांना त्यातून सुरुवात करता येते. बँड किती दिवस चालणार हे चौघांच्या हातात नसतं, गाणी जपणं मात्र असतं.